धाब्याच्या तुळया आणि डोंगरावरचा साग

मंगरुळपीर तालुक्यातले आमचे वडिलोपार्जित घर उतरवायचे, असे गेल्या वर्षी घरात ठरले. अब्बा आणि चाचा हे दोघे भाऊ. अब्बा उर्दू शाळेत शिक्षक होते, त्यामुळे आमचे बिऱ्हाड अकोल्यात राहिले. चाचांनी शेती सांभाळली आणि ते गावातच राहिले. घर जुन्या पद्धतीचे, धाब्याचे. जाड मातीच्या भिंती, सागवानी खांब, खांबांवर तुळया, तुळयांवर नाटा, त्यावर फळ्या आणि सगळ्यांवर मातीचा जाड थर. आमच्या परदादांनी ते बांधले. दोन पावसाळ्यांपूर्वी मागची भिंत बसली. तेव्हापासून त्या घरात झोपायची कोणाची हिंमत होत नव्हती.

शाबानचा महिना होता, फेब्रुवारी संपत आला होता. रमजानच्या आधी हा विषय मिटवावा म्हणून आम्ही सगळे गावी गेलो. चाचांनी तालुक्याच्या एका लाकूड व्यापाऱ्याला बोलावून ठेवले होते. त्याने खांबांवर बोटाने ठोकून पाहिले, चाकूने एका तुळईची ढलपी काढली. वरून काळी पडलेली ती तुळई आतून सोनेरी तपकिरी निघाली आणि तिला अजून तेलकट वास येत होता. "असा माल आता मिळत नाही भाई," तो म्हणाला. त्याने घनफुटांचा हिशेब केला. मग शेताकडे बोट दाखवून विचारले, "आणि धुऱ्यावरची ती अकरा झाडं?"

ती अकरा सागाची झाडे आमच्या दादांनी, म्हणजे अब्बांच्या वडिलांनी, लावलेली. व्यापारी म्हणाला, "परवानगीच्या कागदांची झंझट नको असेल तर भाव थोडा कमी लावतो, पण परवा माणसं पाठवतो."

चाचा काही बोलले नाहीत. त्यांच्या मुलीचा नर्सिंगला नंबर लागला होता आणि पहिल्या वर्षाची फी भरायची होती. सोयाबीनने त्या वर्षी हात दिला नव्हता. आम्हाला ते माहीत होते, म्हणून आम्हीही गप्प राहिलो. अब्बांनी दोन दिवसांची मुदत मागितली.

बलूत म्हणजे काय?

त्या रात्री आमची धाकटी, सहावीत शिकणारी, इंग्रजीचे पुस्तक घेऊन दादाजानजवळ बसली. धड्यात 'ओक' नावाचे झाड होते. ओक म्हणजे काय, असे तिने विचारले. अब्बा म्हणाले, "उर्दूत त्याला बलूत म्हणतात. आपल्याकडे ते होत नाही. हिमालयात त्याच्या जाती आहेत, तिकडे लोक त्याला बांज म्हणतात. पण इंग्लंडच्या माणसाला जसा ओक, तसा आपल्याला साग. थंडी सरता सरता पाने गाळतो, लाकूड मजबूत, घर त्याचे, दार त्याचे, जहाजही त्याचे."

मग तिने छताकडे पाहून पुढचा प्रश्न केला, "मग आपल्या घराचा साग कुठून आला?"

अब्बांना त्यांच्या आजोबांनी सांगितलेले आठवत होते. काटेपूर्णेच्या बाजूच्या डोंगरातून बैलगाड्यांनी तो आला होता. एका खेपेला दोन मुक्काम पडत. "चाचा, ते जंगल अजून आहे?" धाकटीने विचारले. चाचा बऱ्याच वेळाने बोलले, "आहे ना. उद्या दाखवतो."

पाणी वाटणारा प्रदेश

सकाळी न्याहारी करून आम्ही निघालो. अब्बा, चाचा, आम्ही दोघे आणि धाकटी. गाडीत अब्बांनी वऱ्हाडचा नकाशा तोंडीच काढून दाखवला. वऱ्हाडचे जुने दोन भाग, पायनघाट आणि बालाघाट. पायनघाट म्हणजे पूर्णा नदीच्या दोन्ही बाजूंचे काळ्या मातीचे सपाट मैदान, अकोला त्यात येते. बार्शीटाकळीच्या वाटेने मंगरुळपीरकडे यायला निघालो की चढ लागतो आणि आपण बालाघाटावर येतो. वाशिम जिल्हा या वरच्या पठारावर आहे. १ जुलै १९९८ रोजी अकोला जिल्ह्यातून तो वेगळा झाला. वाशिम, रिसोड, मालेगाव, मंगरुळपीर, कारंजा आणि मानोरा असे त्याचे सहा तालुके. हजरत हयात कलंदर यांच्या दर्ग्यामुळे मंगरुळच्या नावापुढे 'पीर' लागले, हे आपल्या वाचकांना सांगायला नको.

या पठाराची एक गोष्ट फार थोड्यांना ठाऊक असते. येथे पडणारा पाऊस दोन समुद्रांना वाटला जातो. काटेपूर्णा याच डोंगरांतून निघून उत्तरेला पूर्णेला मिळते, पूर्णा तापीला आणि तापी अरबी समुद्राला. दक्षिण उताराचे पाणी पैनगंगेकडे जाते, तेथून वर्धा, प्राणहिता, गोदावरी असे फिरत बंगालच्या उपसागराला पोहोचते. काटेपूर्णेवर महान येथे धरण आहे आणि अकोला शहर त्याचे पाणी पिते. म्हणजे आम्ही अकोल्यात नळ उघडतो तेव्हा याच डोंगरांचे पाणी वापरतो. चाळीस वर्षे अकोल्यात राहून आमच्या मनात हा हिशेब कधी आला नव्हता.

रस्त्याच्या दोन्ही बाजूंना तूर काढून झालेली रिकामी शेते होती. जेथे माती खोल तेथे नांगर पोहोचलेला. जेथे मुरूम आणि काळा दगड वर आलेला, तेथून जंगल सुरू होत होते. धुऱ्यांवर पळस फुलला होता. पानांचा पत्ता नाही आणि झाडभर केशरी फुले. धाकटीने गाडी थांबवायला लावून ओंजळभर गोळा केली.

मेलेले की निजलेले?

काटेपूर्णा अभयारण्य अकोला आणि वाशिम या दोन जिल्ह्यांच्या सीमेवर आहे. १९८८ मध्ये ते जाहीर झाले आणि त्याचे क्षेत्र सुमारे ७३ चौरस किलोमीटर आहे. नाक्यावर नावे नोंदवून आम्ही एका वनरक्षकांबरोबर पायवाटेला लागलो.

आम्ही खरे तर हिरव्या जंगलाची कल्पना करून आलो होतो. समोर होती राखाडी खोडांची गर्दी. डोंगराच्या उतारावर हजारो काठ्या रोवून ठेवाव्यात तसे. खाली घोट्याएवढा पाचोळा, प्रत्येक पान सुपाएवढे, तपकिरी आणि खरखरीत. पाऊल टाकले की आवाज एवढा की एकमेकांचे बोलणे ऐकू येईना.

"ही सगळी झाडे मेली का?" धाकटीने घाबरून विचारले.

वनरक्षक हसले. "मेलं नाई जी, निजलं हाये," ते वऱ्हाडीत म्हणाले. त्यांनी नखाने एका फांदीची साल किंचित खरवडली. आत ओली हिरवी रेघ दिसली.

मग त्यांनी समजावून सांगितले. सागाचे पान मोठे, त्यातून पाणीही तेवढेच उडते. या डोंगरावर मातीचा थर हातभर, खाली दगड. पावसाळ्यानंतर सात-आठ महिने आभाळातून काही मिळत नाही. म्हणून थंडी संपता संपता झाड पाने टाकून देते आणि मिळकत थांबल्यावर खर्चही थांबवते. मेच्या अखेरीस किंवा जूनमध्ये पुन्हा पालवते. पावसात त्याला बारीक पांढऱ्या फुलांचे मोठे तुरे येतात, मग कागदी फुग्यासारख्या आवरणातले फळ. अशा जंगलाला शुष्क पानझडी जंगल म्हणतात आणि विदर्भाचे बरेचसे रान याच प्रकारचे आहे.

सागाला भरपूर ऊन लागते आणि पायाशी पाणी साचलेले चालत नाही. म्हणून भारी काळ्या मातीपेक्षा निचऱ्याचा उतार त्याला मानवतो. मात्र वाशिमच्या पातळ मातीवर तो आलापल्ली किंवा मलबारसारखा उंच जात नाही. येथले झाड ठेंगणे, थोडे वाकडे आणि सावकाश वाढणारे. आमच्या घराच्या तुळया एका सरळ रेषेत का नाहीत, हे आम्हाला तेथे उभे राहून कळले. लहानपणी आम्ही त्या वाकड्या तुळयांना हसत असू.

साग येथे एकटा नाही. चाचा आम्हाला एकेक झाड दाखवत होते आणि वनरक्षक मान डोलावत होते. हा धावडा, याचा डिंक बाळंतिणीच्या लाडवात पडतो. हा ऐन, याची साल मगरीच्या पाठीसारखी भेगाळलेली. हा तेंदू, याच्या पानाच्या विड्या. हा खैर, याचा कात पानाला लागतो. हा बिबा, हा मोह. वऱ्हाडच्या डोंगरांवर सालईही आहे. अरबस्तानात ज्या झाडापासून लुबान मिळते, त्याच्याच जातीतले हे झाड आणि त्याचा डिंकही तसाच सुगंधी. चाचांना एवढे ठाऊक असेल असे आम्हाला वाटले नव्हते. लहानपणी ते गुरांमागे येथे येत असत, असे ते म्हणाले. अब्बा तेव्हा शिकायला बाहेर होते.

या पाचोळ्याच्या आधारानेच चौसिंगा, भेकर, रोही असे प्राणी राहतात. चौसिंगा म्हणजे चार शिंगांचे छोटे हरीण. जगात ते फक्त भारतात आणि नेपाळात आहे. आम्हाला ते दिसले नाही. एका ओहोळाच्या ओल्या वाळूत खुरांचे ठसे तेवढे पाहिले.

पुढे एक पट्टा काळा पडलेला होता. पाचोळा जाळून केलेली ती जाळरेषा. फेब्रुवारीपासून पावसापर्यंत वणव्याचे दिवस असतात. वणवा पसरू नये म्हणून वनखाते आधीच असे पट्टे जाळून मोकळे ठेवते. वणवे बहुतेक माणसांच्या हातून लागतात, असे वनरक्षक म्हणाले. मोहफुले वेचायला जमीन स्वच्छ हवी, तेंदूला नवी पालवी हवी, म्हणून कोणी काडी लावतो. कोणी विडीचे थोटूक टाकतो. मोठा साग जाड सालीमुळे आगीतून वाचतो, पण त्याखालची रोपे जळतात. पाचोळा जळाला की उतार उघडा पडतो आणि पहिल्या पावसात माती वाहून खाली धरणात जाते. धाकटी म्हणाली, "म्हणजे आपल्या नळात?" कोणी हसले नाही.

मदिन्याच्या मशिदीचे छत

जोहरची वेळ झाली. ओहोळाकाठी वजू करून, पाचोळा बाजूला सारून चाचांनी आपला शेला अंथरला. अब्बांनी इमामत केली. नमाजनंतर ते तसेच बसून राहिले आणि वर फांद्यांकडे पाहत बोलू लागले. वर्गात शिकवायचे तसेच.

हजरत अब्दुल्ला बिन उमर (रजि.) यांची सहीह बुखारीत एक हदीस आहे. प्रेषित मुहम्मद (स.) यांच्या काळात मस्जिदे नबवी कच्च्या विटांची होती, छत खजुरीच्या झावळ्यांचे, खांब खजुरीच्या बुंध्यांचे. हजरत अबू बक्र (रजि.) यांनी तिच्यात भर घातली नाही. हजरत उमर (रजि.) यांनी ती वाढवली, पण बांधणी तशीच ठेवली. हजरत उस्मान (रजि.) यांनी मात्र नक्षीच्या दगडांच्या भिंती आणि खांब उभारले आणि छत केले 'साज'चे. हे २९ हिजरीच्या सुमारास झाले.

"साज म्हणजे काय?" अब्बांनी धाकटीला विचारले. तिला सांगता येईना. ते म्हणाले, "साज म्हणजे साग. अरबी भाषेने हा शब्द आपल्याकडूनच घेतला. बुखारीच्या भाष्यकारांनीही लिहिले आहे की हे लाकूड हिंदुस्तानातून येते."

आम्ही कितीदा ती हदीस ऐकली असेल, पण तो शब्द आमच्या घराच्या छताला कधी जोडला नव्हता. ते लाकूड वाशिमचे होते, असे अर्थातच नाही. समुद्रमार्गे जाणारा साग पश्चिम किनाऱ्याच्या रानांतला असणार. पण झाड हेच. इराणच्या आखातातील सिराफ बंदरात व्यापाऱ्यांची अनेक मजली घरे सागाची होती, असे दहाव्या शतकातील भूगोलकार इस्तखरीने लिहून ठेवले आहे. इंग्रजी 'टीक' हा शब्द मात्र मल्याळममधून पोर्तुगीजांमार्फत गेला.

धाकटीच्या ओकचाही धागा येथे जुळला. जहाजांसाठी ओक तोडून तोडून इंग्लंडमध्ये त्याची चणचण झाली, तेव्हा इंग्रजांनी मुंबईच्या गोदीत सागाची जहाजे बांधून घेतली. वाडिया घराण्यातील पारशी कारागिरांनी १८१७ मध्ये बांधलेली 'ट्रिंकोमाली' ही युद्धनौका आजही इंग्लंडमध्ये हार्टलपूलच्या गोदीत पाण्यावर तरंगते आहे. सागात स्वतःचे तेल असते. त्यामुळे वाळवी त्याला सहसा लागत नाही, पाण्याने तो कुजत नाही आणि लोखंडी खिळाही त्यात लवकर गंजत नाही.

मागणी एवढी, म्हणून तोडही तेवढीच. १८५३ मध्ये निजामाकडून वऱ्हाड इंग्रजांच्या कारभारात आले. पुढे रेल्वे आली आणि तिला लाकूड लागले. १८६४ मध्ये वनखाते स्थापन झाले. राखीव रानांची पद्धत नंतर आली. पण सागाला परवानगीवाचून हात लावू नये, ही कल्पना त्याहून जुनी आहे. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमारासाठी सागासारखे लाकूड हुजूरची परवानगी घेऊन तोडावे असे आहे. रयतेच्या आंबा-फणसाला हात लावू नये, कारण ती झाडे लोकांनी लेकरांसारखी वाढवलेली असतात, असेही त्यात म्हटले आहे.

चाचा इतका वेळ गप्प होते. ते उठून शेला झटकत म्हणाले, "भाईजान, फी भरायची आहे हे खरे. पण परवाना न घेता तोडायचे नाही. अब्बांनी पावसात डोक्यावर घमेले घेऊन ती झाडे लावली. चोरीचा माल म्हणून ती गावातून गेलेली मला बघवणार नाही."

अब्बा म्हणाले, "आणि सगळी अकरा कशाला? लागतील तेवढीच तोडू."

दोघा भावांची वाटणी अशी जंगलात, पाचोळ्यावर उभ्या उभ्या झाली. घराचे लाकूड निम्मे-निम्मे. चाचांचा हिस्सा अब्बांनीच बाजारभावाने घ्यायचा, त्यातून पहिला हप्ता जाईल. बाकीच्यासाठी धुऱ्यावरची तीन झाडे, रीतसर परवानगीने.

खोडावर लिहिलेला दुष्काळ

परवानगीचे काम वेळखाऊ आहे, हे वाचकांना आधीच सांगून ठेवतो. ज्यांच्या धुऱ्यावर साग आहे त्यांच्या उपयोगी पडेल. १९६४ च्या महाराष्ट्र वृक्षतोड कायद्याच्या अनुसूचीत साग आहे. स्वतःच्या शेतातला असला तरी तोडायला परवानगी लागते आणि माल हलवायला वाहतूक परवाना. सातबाऱ्यावर झाडांची नोंद हवी, म्हणून ती आधीच करून घ्यावी. आमच्याकडे ती दादांनी केलेली होती, त्यामुळे काम सोपे झाले. अर्ज, पंचनामा, प्रत्येक झाडाच्या घेराची मोजणी, खोडावर हातोड्याचा शिक्का असे करत मे महिना उजाडला. दरम्यानच्या पैशांची सोय अब्बांनी आपल्या ठेवीतून केली.

झाडे पडली त्या दिवशी आम्ही गावी होतो. करवतीने कापलेल्या बुंध्यावर पाण्याचा हात फिरवला आणि गोल वर्तुळे स्पष्ट झाली. साग दर वर्षी निजतो आणि दर वर्षी उठतो. उठल्यावर बनलेल्या लाकडात मोठी छिद्रे असतात, म्हणून प्रत्येक वर्षाची कड वेगळी दिसते. ओकचेही असेच असते. पुण्याच्या उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेतील शास्त्रज्ञांनी सागाच्या अशाच वर्तुळांवरून जुन्या काळच्या पावसाचा मागोवा घेतला आहे.

धाकटी सुई घेऊन बसली आणि सालीकडून आत मोजत गेली. अब्बा प्रत्येक दहा वर्षांना खडूची खूण करत होते. पन्नाशीच्या पुढे गेल्यावर ती थांबली. तेथे दोन-तीन रेषा इतक्या जवळजवळ होत्या की सुई मध्ये मावेना. अब्बांनी मोजणी ताडून पाहिली आणि चाचांकडे बघितले.

"बहात्तर," चाचा म्हणाले.

१९७२ चा दुष्काळ. अब्बा आणि चाचा तेव्हा लहान होते. रोजगार हमीच्या कामावर दादा खडी फोडायला जात आणि संध्याकाळी मिलोची भाकर घरी येई, हे आम्ही ऐकून होतो. त्या वर्षी विहिरीतले उरलेसुरले पाणी दादी भांडी विसळून या झाडांना घालत असे, हे मात्र चाचांनी त्या दिवशी पहिल्यांदाच सांगितले. अब्बांनाही ते माहीत नव्हते. दोघे बराच वेळ त्या बुंध्याशी बसून होते. मजूर ट्रॅक्टर घेऊन आले तेव्हा कोठे उठले.

पाच जगली

घर उतरवले. एकूण लाकडात एकच तुळई आतून पोकळ निघाली, तीही जेथे वर्षानुवर्षे गळत होते तेथली. बाकीच्यांतून चाचांच्या नव्या स्लॅबच्या घराला दारे-चौकटी झाल्या. गावच्या मक्तबला एक कपाट आणि मुलांसाठी रिहाली झाल्या. एक तख्त आमच्याकडे अकोल्यात आले. त्याच्या एका पायावर जुन्या खिळ्याचे भोक आहे, कंदील टांगायचा तो खिळा. सुताराने ते बुजवू का म्हणून विचारले होते. अब्बा नको म्हणाले.

मृगाचा पाऊस पडल्यावर आम्ही रोपवाटिकेतून सागाच्या जड्या आणल्या. जडी म्हणजे बोटाएवढे जाड मूळ आणि वर इंचभर खोड. बाकी सगळे छाटलेले. पाहणाऱ्याला वाळकी काडी वाटेल. सागाचे बी फार हट्टी, कवच जाड, ते कधी उगवेल याचा नेम नाही. १८४० च्या दशकात मलबारात कलेक्टर कोनोली याने निलंबूरला सागाची लागवड करायला घेतली, तेव्हा सुरुवातीला बीच रुजेना. चातू मेनन या स्थानिक माणसाच्या देखरेखीखाली ती लागवड यशस्वी झाली. म्हणून आता जडीच लावतात. पहारीने भोक पाडायचे, जडी सरळ सोडायची, माती घट्ट दाबायची, पोकळी ठेवायची नाही. लहानपणी पाणी आणि कुंपण, वर मोकळे ऊन. दाट सावलीत साग वाढत नाही.

आम्ही बारा लावल्या. मुसलमानाने लावलेल्या झाडाचे पक्ष्याने, माणसाने किंवा जनावराने जे खाल्ले ते त्याच्यासाठी सदका ठरते, ही हदीस चाचांनी धाकटीला लावता लावता ऐकवली. ती म्हणाली, "पण सागाला कुठे आंबे येतात?" चाचा म्हणाले, "अळ्या खातात ना पाने. त्यांचाही हिशेब होईल."

ऑक्टोबरमध्ये पुन्हा गावी गेलो. अळ्यांनी खरोखरच आपला हिस्सा घेतला होता. धुऱ्यावरच्या उरलेल्या आठ झाडांची बरीच पाने नुसत्या शिरांची जाळी होऊन राहिली होती, लेस विणावी तशी. सागाला दर वर्षी हे सोसावे लागते आणि झाड त्याने मरत नाही. बारा जड्यांपैकी पाच जगल्या होत्या. चार पाणी साचून कुजल्या, कारण तो कोपरा खोलगट आणि काळ्या मातीचा होता. साग तेथे लावायला नको होता, हे आम्हाला जंगलात सांगितलेले असूनही आम्ही विसरलो. तीन बकऱ्यांनी खाल्ल्या. पुढच्या मृगात त्या कोपऱ्यात आंबा लावायचा आणि जड्या वर मुरमाच्या बाजूला, असे ठरले आहे, इन्शाअल्लाह.

पण त्या दिवशीचे खरे नवल वेगळेच होते. तोडलेल्या तीनही बुंध्यांच्या कडेने धुमारे फुटले होते आणि एकेक धुमारा धाकटीच्या उंचीचा झाला होता. जुने मूळ जमिनीत शाबूत असले की साग असा पुन्हा उठतो. जडीला जे जमायला तीन वर्षे लागतील ते याने एका पावसाळ्यात केले. चाचांनी आधीच प्रत्येक बुंध्यावरचा एकेक जोमदार धुमारा राखून बाकीचे छाटले होते आणि भोवती बोरीच्या काट्यांचे कुंपण घातले होते.

आमच्या चुलत बहिणीचे कॉलेज तेव्हा सुरू झाले होते आणि ती सुट्टीवर आली होती. तिने धुमाऱ्याच्या टोकाचे कोवळे पान तोडले, दोन तळहातांत घेऊन चोळले आणि धाकटीला हात दाखवले. तळवे लालभडक झाले होते. "मेंदी!" धाकटी ओरडली आणि स्वतःसाठी पान मागू लागली. चाचा कुंपणाच्या पलीकडून म्हणाले, "एकच तोड. वाढू दे त्याला."